माझी नोटीस मीच आवक केली: सामान्य प्रशासन विभागाला खुलं पत्र

प्रति,
मा. अपर मुख्य सचिव (सेवा), सामान्य प्रशासन विभाग, मंत्रालय, मुंबई
आणि अनुकंपाची फाईल ज्यांच्या ज्यांच्या टेबलावरून जाते ते सगळे साहेब, मॅडम

महोदय,

मी मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या ऑफिसात आवक जावक बघते. लिपिक टंकलेखक, अनुकंपा, म्हणजे नोकरीत असताना माणूस गेला की त्याच्या घरातल्या एकाला जी नोकरी देतात ती. तालुक्याचं आणि ऑफिसचं नाव लिहीत नाही, उगाच आमच्या साहेबांना त्रास नको, ते माणूस म्हणून चांगले आहेत, आणि खरं सांगायचं तर मला पण भीती वाटते.

सप्टेंबरमधल्या एका मंगळवारी जिल्ह्याहून टपाल आलं. नेहमीसारखाच गठ्ठा, मी एकेक लिफाफा फोडत होते, शिक्का मारायचा, तारीख टाकायची, रजिस्टरला नंबर, कोणाकडून आलं, विषय काय, कोणाकडे दिलं. त्यातल्या एका लिफाफ्यात माझंच नाव निघालं. विषय, विहित मुदतीत टंकलेखन अर्हता प्राप्त न केल्याबाबत. संदर्भ, नियुक्ती आदेशातील अट क्र. ९. सात दिवसात लेखी खुलासा सादर करावा अन्यथा आपली सेवा समाप्त करण्याची कार्यवाही प्रस्तावित करण्यात येईल. मी शिक्का मारला, नंबर टाकला, विषयाच्या रकान्यात "कारणे दाखवा" लिहिलं, आणि कोणाकडे दिलं या रकान्यात पेन थोडा वेळ थांबला मग तिथे "स्वतः" असं लिहिलं. शेजारच्या टेबलवरच्या काकांनी विचारलं काय आलं ताई, म्हटलं काही नाही, पगार बिलाचं आहे.

आमचे मिस्टर याच खात्यात शिपाई होते, सोळा वर्षं. एप्रिल २०२१ च्या दुसऱ्या लाटेत गेले. तेव्हा लॉकडाऊनमध्ये पण ऑफिस चालू होतं आणि शिपायाला वर्क फ्रॉम होम नसतं हे तुम्हाला मी सांगायला नको. मोठी मुलगी तेव्हा पाचवीत, धाकटा पहिलीत, घरात सासूबाई. तेव्हाच्या नियमाने एका वर्षाच्या आत अर्ज करायचा होता हे पण मला माहीत नव्हतं, दहाव्याला आलेल्या त्यांच्याच एका मित्राने सांगितलं की वहिनी कागदं गोळा करायला लागा. मृत्यूचा दाखला, वारसाचा, सासूबाईंचं आणि दिराचं नाहरकत, लहान कुटुंबाचं प्रतिज्ञापत्र, सांभाळ करीन असं हमीपत्र. नशीब मी मुक्त विद्यापीठातून बी.ए. करून ठेवलं होतं, म्हणून क्लार्कसाठी तरी पात्र ठरले. जिल्ह्याच्या यादीत नंबर लागला आणि ऑगस्ट २०२३ ला ऑर्डर मिळाली. दोन सव्वादोन वर्षात काम झालं म्हणजे मी भाग्यवानच, आमच्या जिल्ह्यात दहा दहा वर्षं थांबलेले लोक आहेत, काहींची पंचेचाळिशी आली आणि नाव यादीतून कमी झालं.

तर मी आभार मानूनच सुरुवात करते. ही नोकरी नसती तर मुलगी आज दहावीच्या सराव परीक्षेचा अभ्यास करत बसली नसती. १९७६ पासून राज्यात ही योजना आहे, १९९४ ला सुधारली, २०१७ ला तुम्ही सगळे विखुरलेले जीआर एकत्र केले, आणि आता १७ जुलै २०२५ ला नवीन सुधारित धोरण पण काढलं. ४ ऑक्टोबर २०२५ ला मुंबईत मुख्यमंत्र्यांच्या हस्ते कार्यक्रम झाला आणि राज्यभर मिळून एका दिवसात १०,३०९ नियुक्तीपत्रं दिली गेली, त्यातली ५,१८७ अनुकंपाची होती. मी तो कार्यक्रम मोबाईलवर बघितला, एका बाईने पत्र हातात घेतल्यावर ते आधी कपाळाला लावलं आणि मला रडू आलं. माझ्या पर्समध्ये तेव्हा नोटीस होती.

त्या बाईला मला एवढंच सांगावंसं वाटलं की ताई पत्राचं मागचं पान वाच. पुढच्या पानावर पद, वेतनश्रेणी, रुजू व्हायची मुदत असते. मागच्या पानावर अटी असतात आणि तिथे खरी गोष्ट असते. माझ्या ऑर्डरमध्ये अकरा अटी होत्या, रुजू व्हायच्या आनंदात कोणी वाचतं का हो, सही कर म्हटलं की सही केली. अट ९, दोन वर्षात मराठी ३० किंवा इंग्रजी ४० शब्द प्रति मिनिट टायपिंगची परीक्षा पास होणे, न झाल्यास कोणतीही पूर्वसूचना न देता सेवा समाप्त.

आता टायपिंग शिकायला नको का, तर हवंच, पदाच्या नावातच टंकलेखक आहे. मी अटीविरुद्ध बोलतच नाहीये. फक्त ती दोन वर्षं माझ्या हातात किती आली ते ऐका. रुजू झाल्यावर पहिले तीन महिने पगारच निघाला नाही, सेवार्थ मध्ये, म्हणजे सरकारी पगाराच्या ऑनलाईन प्रणालीत, नाव चढायचं होतं, आणि क्लासची फी भरायला पैसे नव्हते. मग ऍडमिशन घ्यायला गेले तर क्लासवाले सर म्हणाले मॅडम सहा महिन्यांचा कोर्स असतो, त्याशिवाय फॉर्म भरता येत नाही आणि चालू बॅचचे फॉर्म जाऊन झालेत. परीक्षा रोज थोडीच असते. त्यात २०२४ ला आधी लोकसभा नंतर विधानसभा, दोन्ही निवडणुकांना माझी ड्युटी होती, आचारसंहितेत टपालाचा पूर येतो, रात्री नऊ नऊ वाजता घरी जात होते. क्लास सकाळी सात ते आठ.

आणि तो कीबोर्ड. ऑफिसमध्ये आम्ही सगळे मराठी कसं टाईप करतो तर मोबाईलसारखं, इंग्रजीत के ए दाबलं की का येतो. कोणी पत्र अडवलं नाही आजपर्यंत. क्लासमध्ये रेमिंग्टन, म्हणजे जुन्या टाईपरायटरची मांडणी, तिथे डी दाबलं की क उमटतो. म्हणजे सकाळी एक भाषा आणि दहानंतर दुसरी भाषा. क्लासच्या कीबोर्डवर मराठी अक्षरांचे स्टिकर होते ते अर्धे घासून गेलेले, सर म्हणायचे बरंच आहे, न बघता शिकाल. माझ्या बाजूला अठरा वर्षांची पोरं, त्यांची बोटं पावसासारखी चालतात, आणि मी चाळिशीची, लग्नानंतर पंधरा वर्षं भाकरी थापलेली आणि दोन वर्षं दुसऱ्याच्या रानात कापूस वेचलेला हात, करंगळी हलवायची म्हटलं की अख्खा पंजा हलतो. उताऱ्याला सात मिनिटं असतात. घड्याळ खाली कोपऱ्यात उलटं पळत असतं. पहिल्या वेळेला चौथ्या मिनिटाला माझी ओळच सुटली, मी एकच ओळ दोनदा टाईप केली. नापास. दुसऱ्या वेळेला पत्र आणि तक्ता दोन्ही छान झाले, उताऱ्यात गेले. तिसऱ्यांदा मुदत संपायच्या आधी परीक्षा दिली आणि पास झाले. फक्त निकाल मुदत संपल्यावर लागला.

हो, मी पास आहे. सर्टिफिकेट आहे माझ्याकडे, लॅमिनेशन करून ठेवलंय. नोटिशीच्या खुलाशाला त्याची झेरॉक्स जोडली. त्यावर जिल्ह्याहून उत्तर आलं की निकालाचा दिनांक मुदतीनंतरचा असल्याने वरिष्ठ कार्यालयाचे मार्गदर्शन मागविण्यात येत आहे, तोपर्यंत वेतनवाढ अनुज्ञेय नाही. हे पत्र पण मीच आवक केलं.

महोदय, मला आमच्या जिल्ह्याच्या आस्थापना शाखेवर पण राग नाही. तिथला क्लार्क फोनवर म्हणाला मॅडम मला कळतंय हो, पण ऑडिटला मी काय सांगू, आदेशात "उत्तीर्ण होणे" लिहिलंय, "परीक्षा देणे" लिहिलेलं नाही. त्याचं बरोबर आहे. शब्द वरून येतात, खाली फक्त त्यांची अंमलबजावणी होते.

आमच्याबरोबर नियुक्ती झालेल्यांचा एक व्हॉट्सॲप ग्रुप आहे, वेगवेगळ्या खात्यांतले, तीन जिल्ह्यांतले. नोटीस आल्यावर मी तिथे टाकलं तेव्हा कळलं की एकसारखा प्रकार कुठेच नाही. एकाला मुदत वाढवून दिली, तोंडी. एकीला क्लार्कवरून शिपाई केलं, तिने ते हसत हसत घेतलं कारण नोकरी राहिली. एकाला दुसऱ्या वर्षाच्या शेवटच्या दिवशी दुपारी घरी पाठवलं, तीन ओळींचं पत्र, त्याने आता चिकनचं दुकान टाकलंय. अट एकच आणि निकाल तीन. नशीब कुठल्या साहेबाच्या हाताखाली आहे त्यावर.

मुळात माझं म्हणणं एका वाक्यात सांगते. अनुकंपा ही आत येण्यापुरती सवलत होती, आत आल्यावर मी बाकीच्यांसारखीच कर्मचारी आहे की नाही ते एकदा ठरवा.

आता यावर स्पर्धा परीक्षेची मुलं चिडणार मला माहीत आहे, आमच्या शेजारचाच एक मुलगा पाच वर्षं पुण्यात राहून अभ्यास करतोय, तो तोंडावर म्हणाला काकू तुम्हाला परीक्षा न देता नोकरी मिळाली आणि वर तक्रार. त्याचं चूक नाही. संविधानात सगळ्यांना समान संधी लिहिली आहे आणि अनुकंपा हा त्याला अपवाद आहे, हक्क नाही, हे सुप्रीम कोर्टाने १९९४ ला उमेशकुमार नागपाल विरुद्ध हरियाणा या केसमध्ये स्पष्ट सांगितलंय, कमावणारा गेल्यावर घरावर अचानक जे संकट येतं ते निभावून नेण्यापुरतं हे आहे. मान्य. पण ते सगळं नोकरी द्यायची का नाही याबद्दल आहे. दिल्यानंतरचं काय? अलाहाबाद हायकोर्टाने १९९९ ला रविकरण सिंग केसमध्ये म्हटलं होतं की अशी नियुक्ती कायमच समजायला पाहिजे, तात्पुरती धरली आणि थोड्या दिवसांनी काढून टाकलं तर मग कुटुंबाला आधार द्यायचा हेतूच उरत नाही. ते उत्तर प्रदेशच्या नियमांवरचं आहे, आपल्याला बंधनकारक नाही, पण मुद्दा तर कुठेही लागू पडेल असाच आहे ना.

आणखी एक गंमत बघा. ऑफिसमध्ये कोणी दारू पिऊन आला, पैसे खाल्ले, महिनोन्महिने गैरहजर राहिला, तरी त्याला महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम १९७९ प्रमाणे दोषारोपपत्र द्यावं लागतं, विभागीय चौकशी होते, बचाव सहायक मिळतो, अपील असतं, आणि हे योग्यच आहे. मला मात्र "अटीची पूर्तता न झाल्याने" एका ओळीत काढता येतं कारण कागदोपत्री ती शिक्षाच नाही. म्हणजे गुन्हा केला असता तर जास्त सुरक्षित राहिले असते. मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जा म्हणतात लोक. मॅट छत्रपती संभाजीनगरला, वकिलाची फी, येणं जाणं, रजा, आणि रजा कोणाकडे मागायची तर ज्यांच्या विरोधात जायचं त्यांच्याकडेच.

सांभाळ करण्याच्या हमीपत्राचं पण थोडं बोलते. ती अट चांगली आहे, मी स्वतः म्हणेन की ठेवाच, कारण नोकरी घेऊन म्हातारीला घराबाहेर काढणारे मी पाहिलेत. माझ्या सासूबाई माझ्याजवळच आहेत, त्यांची बीपीची गोळी माझ्या पगारातून येते. पण मध्ये वाटणीवरून दिराशी वाजलं तेव्हा तो पहिलं वाक्य काय बोलला माहितीये, "एक अर्ज टाकला ना तर नोकरी जाईल तुझी". शेताच्या बांधाचं भांडण आणि धमकी नोकरीची. अर्ज आला तर आधी पंचनामा करा, म्हातारीला समोर बसवून विचारा, मग पगारातून काही रक्कम थेट तिच्या खात्यावर वळती करा, जे काय करायचं ते करा. पण नोकरीच काढली तर त्या म्हातारीला कोण सांभाळणार, हे कोणी लिहितच नाही.

बँकेचं सांगायचं राहिलं. मागच्या वर्षी दोन खोल्यांच्या घरासाठी कर्ज मागायला गेले. मॅनेजरने पगारपत्रक बघितलं, ओके म्हणाला, मग नियुक्ती आदेश मागितला, मागचं पान वाचलं (बँकवाले वाचतात) आणि म्हणाला मॅडम तुम्ही परमनंट नाही आहात. म्हटलं सर शासकीय नोकरी आहे. म्हणाला हो पण हे बघा ना, अट ९. स्थायित्वाचं प्रमाणपत्र आणा मग बघू. ते प्रमाणपत्र मिळायला तीन वर्षं पूर्ण पाहिजेत आणि तीन वर्षांच्या आधी दोन वर्षांची ही अट.

पेन्शनचा विषय माझा नाही, कारण मी लागलेच २०२३ ला, पण आमच्या ग्रुपमधल्या एका दादांसाठी लिहिते. त्यांचे वडील २००२ ला गेले. अर्ज वेळेत, कागदं पूर्ण, तरी जागा नाही जागा नाही करत ऑर्डर निघाली २००९ ला. मध्ये १ नोव्हेंबर २००५ ही तारीख गेली, तिथून पुढे लागलेल्यांना जुनी पेन्शन नाही, आणि दादा जुन्या पेन्शनमधून बाहेर पडले. २ फेब्रुवारी २०२४ ला तुम्ही जीआर काढला की ज्यांच्या पदाची जाहिरात १ नोव्हेंबर २००५ पूर्वीची आहे त्यांना जुन्या पेन्शनचा पर्याय. चांगला जीआर आहे, पुष्कळ लोकांचं भलं झालं. दादांनी अर्ज केला तर त्यांना विचारलं जाहिरातीची प्रत जोडा. अनुकंपाला जाहिरात कुठून येणार हो. आमची जाहिरात म्हणजे बापाच्या मृत्यूचा दाखला, त्याच्यावर तारीख पण असते.

तुमच्याकडून चुकीची अट पडूच शकत नाही असं नाही, हे आदरानेच म्हणते. २० मे २०१५ च्या जीआरमध्ये लिहिलं होतं की प्रतीक्षा यादीतल्या वारसाच्या जागी दुसऱ्या वारसाचं नाव घेता येणार नाही. मुंबई हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठाने ते चुकीचं ठरवलं, तरी खाली लोकांचे अर्ज त्याच कारणाने फेटाळले जात राहिले, एकेकाने स्वतंत्र कोर्टात जायचं, आणि शेवटी २०२४ ला नागपूरला पूर्णपीठाला तेच परत सांगावं लागलं. म्हणून मी म्हणते की टायपिंगच्या अटीचं पण असं एकेकाला कोर्टात पाठवून ठरवू नका, तुम्हीच एक शुद्धिपत्रक काढा. दीड पानाचं काम आहे.

त्यात काय पाहिजे ते पण सांगते, टिपणी लिहायची सवय लागलीये आता. दोन वर्षं मोजायची ती रुजू दिनांकापासून नको, पहिला पगार हातात पडला तिथून मोजा, आणि निवडणूक ड्युटीचा काळ त्यातून वगळा. मुदतीच्या आत परीक्षेला बसला असेल तर निकाल कधीही लागो, परीक्षेची तारीखच धरा, ही तर साधी माणुसकी आहे, याला मार्गदर्शन कशाला लागतं. आणि सगळं करूनही नाहीच जमलं एखाद्याला, काहींना खरंच नाही जमत, पन्नाशीला आलेली माणसं असतात, तर त्याला गट ड मध्ये, म्हणजे शिपाई वर्गात, घ्या, पगार कमी करा, पण घरी पाठवू नका. कारण त्याला घरी पाठवलं की त्या घरात दुसऱ्यांदा अनुकंपा लागत नाही, योजना एकदाच असते, माणूस एकदाच मरतो. अजून एक, नियुक्तीपत्र देतानाच मागचं पान वाचून दाखवा ना कोणीतरी, स्टेजवर नको, खाली ऑफिसमध्ये, पाच मिनिटं. ४ ऑक्टोबरच्या त्या ५,१८७ लोकांमध्ये जे क्लार्क आहेत त्यांचं घड्याळ चालू झालंय आणि त्यातल्या कित्येकांनी अजून क्लासचं तोंड बघितलं नसेल.

आमच्या साहेबांना मी विचारलं होतं की असं पत्र लिहिलं तर चालेल का. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले लिहा, पण ऑफिसच्या वेळेत नको आणि ऑफिसच्या कॉम्प्युटरवर नको. म्हणून हे रात्री घरी लिहिते आहे, मुलीच्या मोबाईलवर, ती बाजूला भूमिती करतेय आणि मधूनच म्हणते आई किती हळू टाईप करतेस.

वर्तमानपत्रवाल्यांना पाठवणारच आहे, पण एक प्रत रीतसर टपालानेही तुमच्याकडे येईल. ती खासगी म्हणून ऑफिसच्या जावक रजिस्टरला चढवता येणार नाही, पोस्टात जाऊन रजिस्टर एडी करते. तुमच्या आवक टेबलला जी कोणी ताई किंवा दादा असेल त्यांनी नंबर मात्र नक्की टाकावा.

आपली विश्वासू,
लिपिक टंकलेखक (अनुकंपा), मराठी ३० श.प्र.मि. उत्तीर्ण